एकोणीस दिवस, एकोणीस वर्षं

चि. छोटीस दादाचे आशीर्वाद.

तू आता माझ्याहून वयाने मोठी झालीस, तरी हात सवयीने चिरंजीवच लिहितो. रागावू नकोस.

मी खुशाल आहे. जेवणखाण वेळेवर होतं, मुकादम भला माणूस आहे. फक्त या किनाऱ्यावर काळ मुंगीच्या पावलांनी चालतो. होड्या दुरुस्त करायला येऊन मला एकोणीस दिवस झाले. तिकडे तेवढ्यात एकोणीस वर्षं गेली, हे आज तुझी चार पत्रं एकदम हाती पडली तेव्हा कळलं. पहिल्यात तू मला लग्नाला बोलावलंयस. चौथ्यात तुझी मुलगी कॉलेजात जातेय. वाचताना हातातला रंधा हातातच राहिला.

आई अजून रोज संध्याकाळी "तुझा दादा आला का गं?" विचारते, हे वाचून तडक मुकादमांकडे गेलो.

ते म्हणाले, "दोनच दिवसांचं काम राहिलंय, संपवून जा की."

"तुमचे दोन दिवस माझ्या आईला परवडायचे नाहीत," म्हटलं, आणि हत्यारं पिशवीत भरली.

हे पत्र टपालाच्या होडीने पुढे येतंय. मला तासाभराने सुटणाऱ्या होडीत जागा मिळाली, म्हणजे तुमच्याकडचे पंधरा दिवस. आईचे गुडघे कसे आहेत? तिला नीट ऐकू येतं ना? तेवढे पंधरा दिवस तिला सांभाळ.

आणि दार तू उघडलंस, अन् मी तुलाच आई समजून पाया पडायला वाकलो, तर हसू नकोस.

तुम्हा सगळ्यांसाठी जीव टाकणारा,
तुझा दादा