कणगीतली केरसुणी

५ जाने., सोमवार
माझ्या शुभाने सांगलीहून प्रबंधाचं तिसरं प्रकरण फोनवर पाठवलं. उंब्रजला जाऊन छापून आणलं, मोबाइलवर डोळे दुखतात. प्रकरण बगळ्याच्या गोष्टीवर. लहानपणी तिला मीच वाचून दाखवायचे. बाप बगळ्यावर बसून चंद्राच्या गावी घंटा आणायला जातो. इकडे मुलगी केरसुणीला धान्याच्या कणगीत कोंडते. केरसुणी आतून ओरडते, घर बघ किती घाण झालंय, सोड मला. मुलगी सोडत नाही.
शुभा लिहिते, हे मुलीचं घरकामाविरुद्धचं पहिलं बंड. कणगी म्हणजे सरंजामी घर. अशी चार पानं!
मी सातवी शिकलेली. पण डोकं तडकलं.

६ जाने.
सासूबाईंना वाचून दाखवलं. ऐंशीच्या आहेत, कान अजून शाबूत.
"बंड? कसलं गं बंड? बाप आत्ता कुटं भाईर पडलाय. मानूस गेल्याबरुबर कोन झाडतंय व्हय?"
मग म्हणाल्या, "लय शिकली म्हनायची तुजी ल्येक."
शुभाला हे माहीत नाही असं नाही. हे फौजेतली रजा संपवून निघाले की ती स्वतः केरसुणी गोठ्यात लपवायची. पोचल्याचा फोन आला की मगच बाहेर काढायची.

९ जाने.
शुभाशी बोलले.
"मला माहीत आहे गं आई. पण सर म्हणतात ती अंधश्रद्धा. तिचं प्रबंधात काय काम?"
"मग बापासाठी केरसुणी लपवायचीस, ती पण अंधश्रद्धाच म्हण."
फोन ठेवला तिने. जास्त बोलले. पण खोटं बोलले नाही.

१७ जाने., शनि.
सांगलीत विश्रामबागेत चर्चासत्र. न सांगता गेले, मागे बसले. एकाने बगळा म्हणजे इंग्रज सरकार ठरवलं. टाळ्या. शुभाचे सर उठले, पुन्हा तेच बंड. पुन्हा टाळ्या. प्रश्न विचारा म्हणाले, मी उभी राहिले.
"सर, घरातलं माणूस लांबच्या गावाला निघालं की तुम्ही लगेच घर झाडता का?"
हशा. सर गोड हसले. "ताई, सामान्य वाचकाचा भावनिक प्रतिसादही मोलाचा असतो."
"प्रतिसाद न्हाई, सर. पुस्तकात हाय ते सांगते. बगळा नदी पार करतो, तवा ती पोरगी आपल्या हातानं कणगी उघडती. आन् मग घर झाडती. बंड असतं तर झाडलं असतं व्हय?"
रागात घरचीच भाषा आली. सरांनी पानं चाळली. मग म्हणाले, चहाची वेळ झाली.
वीस वर्षं ते पुस्तक शिकवतात म्हणे. शेवटचं पान वाचायला सवड झाली नसावी.
शुभा तिसऱ्या रांगेत. मान खाली. एस.टी.पर्यंत सोडायला आली.

१८ जाने.
शुभाला एक गोष्ट कधी सांगितली नाही. वहीतही आजच लिहितेय.
हे शेवटचे गेले त्या दिवशी ती शाळेच्या सहलीला. दुपारी पाहुणे येणार होते. हे फाट्यावर एस.टी.त बसले असतील नसतील, मी घर झाडून काढलं. सासूबाईंनी पाहिलं, बोलल्या नाहीत. आजवर नाही.
तिकडे दरड कोसळून हे गेले, त्याचा माझ्या झाडण्याशी संबंध नाही. एवढं कळतं मला. अकरा वर्षं कळतंय.

२२ जाने.
संध्याकाळी शुभाचा फोन. सर म्हणाले, बंडाचंच प्रकरण ठेवा, नाहीतर दुसरा मार्गदर्शक शोधा. म्हणजे पाच वर्षांची मेहनत पाण्यात. तिने हट्टाने नवं प्रकरण लिहिलंय. जुनंही तयार आहे.
"उद्या अकराला द्यायचंय आई. कुठलं देऊ?"
म्हटलं, नवं वाच.
ती वाचायला लागली. "माझे वडील सैन्यात होते. रजा संपवून ते निघाले की त्या दिवशी आमच्या घरात झाडत नसत. एकदाही कुणी झाडलं नाही."
म्हटलं, थांब शुभा.
"का? चुकलं काही?"
सासूबाई कॉटवरून माझ्याकडे बघत होत्या. मी म्हटलं, ती शेवटची ओळ खोटी आहे. एकदा झाडलं होतं, मीच.