डाव्या हाताच्या गाठी

गडचिरोली, ८ जानेवारी २०२४

ती. बाबांस,
साधनाचा शि. सा. नमस्कार. वि. वि.

एटापल्लीच्या ठाण्यात फोन लागत नव्हता, इथे लागतो तर प्रशिक्षणात तो सकाळीच जमा करून घेतात. म्हणून हे पत्र. सुरेंद्रदादा हसेल, त्याला आधी दाखवू नका.

तुमची लेक नेमबाजीत मागे पडली आहे. पिस्तूल सावकाश चालवलं तर गोळी जागेवर जाते. पण सहा सेकंदांत सहा म्हटलं की पहिली बरोबर आणि बाकीच्या खाली, डावीकडे. जिल्ह्याच्या संघाची निवड २७ तारखेला आहे. ती हुकली की पुन्हा ठाण्यात रजिस्टर लिहायचं. वर्षभर याच एका गोष्टीसाठी धडपडले, बाबा.

शिकवायला मंजुषा मॅडम आहेत, आपल्याच मुलखातल्या. त्या सांगतात, उजव्या हाताने मूठ उंच धरायची, उरलेली जागा डाव्या तळव्याने भरायची आणि जास्त जोर डाव्याचा ठेवायचा, म्हणजे चापावरचं बोट मोकळं राहतं. मी सगळा जोर उजव्यात लावते. काल म्हणाल्या, "तुझा डावा हात पिस्तुलाले नुसता लागून राह्यला, धरून नाई राह्यला." मग अचानक त्यांनी पिस्तुलाचं रिकामं मॅगझिन माझ्याकडे फेकलं. मी ते डाव्या हाताने झेललं. त्यांनी विचारलं, लहानपणी डावखुरी होतीस का? मला सांगता येईना. होते का हो?

आईला नमस्कार, छोट्या चंचलला पापा. माया आहेच, ती अशीच राहू द्यावी.
आपली साधना

पोंभुर्णा, १४ जानेवारी

चि. साधनास,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

तलावाचं पाणी उतरलं, मासळी बरी आहे. चंचल आता सुरेंद्रच्या मोबाईलवरून कुणालाही फोन लावते.

पत्र दोनदा फाडून हे तिसरं लिहितो आहे. होय, तू डावखुरी होतीस. डाव्या हाताने जाळं विणायचीस. गाठ घट्ट, पण उलटी. शेजारच्या सोमाजीच्या घरच्या पंगतीत तू डावा हात पुढे केलास आणि चार माणसं हसली. मला लाज वाटली. घरी येऊन जाळ्याच्या सुतळीने मी तुझा हात कमरेला बांधला. तू सहा वर्षांची होतीस. महिनाभर जेवताना रोज बांधत होतो. तुझी आई म्हणे, "काऊन छळता लेकराले?" मी ऐकलं नाही.

सुतळी सोडली तरी जेवताना तू तो हात फ्रॉकच्या आत लपवून बसायचीस. मी गावभर सांगितलं, पोरगी सुधरली.

मॅडमला सांग, हात तुझा चांगलाच होता. खोट माझ्यात होती. तू संघाबाहेर राहिलीस तर त्याचा दोष माझ्या माथी. यापुढे माया ठेवायची की नाही, ते तू ठरव.
तुझा बाप, मनसाराम

गडचिरोली, २९ जानेवारी

ती. बाबांस,
शि. सा. नमस्कार.

आधी बातमी: सहापैकी पाच गोळ्या मधल्या गोलात. संघात नाव लागलं.

तुमचं पत्र वाचून दोन दिवस रागात गेले, ते खोटं कशाला सांगू. मॅडमना सगळं सांगितलं. त्या तुम्हाला नको ते बोलल्या आणि मी ऐकून घेतलं. मला पोलीसभरतीला पाठवायला तुम्ही मासेमारीचा डोंगा विकलात, हे सांगायला माझं तोंड उघडलं नाही. त्याचंच आता वाईट वाटतं.

डाव्या हाताने पिस्तूल चालवायला नव्याने शिकायला वेळ नव्हता. मग बाजारातून सुतळी आणली आणि रोज संध्याकाळी डाव्या हाताने जाळं विणत बसले. पहिले काही दिवस हात चोरटाच. नंतर बोटांना आपोआप आठवलं. गोळीबाराच्या रेंजवर डावा तळवा मुठीला बसला आणि उजवं बोट मोकळं झालं. विणलेला हातभर तुकडा सोबत पाठवते. गाठी उलट्याच आहेत.

माया ठेवायची की नाही, असं पुन्हा लिहू नका.
तुमचीच साधना

पोंभुर्णा, ५ फेब्रुवारी

चि. साधनास,
अनेक आशीर्वाद.

तुझा तुकडा माझ्या जाळ्यात जोडला. सोमाजीने विचारलं, या गाठी कोणाच्या? तुझं नाव सांगितलं. पुढे मी काय केलं होतं, तेही सांगितलं.

काल चंचल जेवायला बसली आणि डाव्या हाताने भात कालवू लागली. तिची आई मैना माझ्याकडे पाहत राहिली. माझा हात तिचा हात धरायला अर्धा पुढे गेलाच होता, तेही तुला सांगतो. मग मी माझा उजवा हात मांडीखाली दाबला आणि डाव्या हाताने घास घेतला. निम्मा भात सांडला. चंचल म्हणाली, "आजोबा, तुमाले येत नाई." मी म्हणालो, नाही येत, तू शिकव.

ती शिकवते आहे. आज कमी सांडला.

घरी ये, तुझ्याकडूनही शिकायचं आहे.
तुझा बाबा