मोजे घालून वाजवलेला स्प्रिंगार

एल्वेदाल, गुरुवार, दिनांक २१ फेब्रुवारी २०१९

प्रति,
मा. संस्कृती अधिकारी,
नगरपालिका कार्यालय, एल्वेदाल.

विषय : गावाचे नाचघर बंद न करणेबाबत व अर्जदाराचे ध्वनिमुद्रण प्रमाण न मानणेबाबत.
संदर्भ : आपले याच महिन्यातील पत्र.

महोदया,

संदर्भीय पत्रान्वये आपण कळविले आहे की, आमच्या खोऱ्यातील स्प्रिंगार नाचाच्या सर्व चाली मी हार्डांगर फिडल या आमच्याकडील व्हायोलिनवर वाजवून अभिलेखागारात जमा केल्याने त्या 'कायमस्वरूपी सुरक्षित' झाल्या आहेत. सबब मंगळवारच्या नाचाचे प्रयोजन उरत नाही व मे महिन्यापासून नाचघरात स्की ठेवण्यात येतील. पत्रात माझा उल्लेख 'परंपरेचे रक्षक' असा आहे. तो वाचून मी ताठ मानेने हिंडू लागलो, त्यामुळे पायाखालचा बर्फ दिसला नाही व डावे मनगट मोडले. मान शाबूत आहे.

आता वस्तुस्थिती. स्प्रिंगारच्या तीन मात्रा सारख्या लांबीच्या नसतात. कोणती किती ताणायची, हे नाचणाऱ्यास वादकाच्या पायाच्या ठेक्यावरून उमगते. तथापि हा दणदणाट अभिजात कलेस अशोभनीय आहे असे माझे मत होते, आणि माझी मते मी सहसा स्वतःपाशी ठेवीत नाही. ध्वनिमुद्रण करणारी सोल्वाय म्हणाली, "पाय वाजू दे की, ओस्मुंड. त्यातच तर मजा आहे." त्यावर मी तिला शुद्ध नादाविषयी व्याख्यान दिले, बूट काढले, पत्नीने विणलेले जाड लोकरी मोजे चढवले आणि सर्व चाली निःशब्द पायांनी वाजवल्या. व्याख्यानही मुद्रित झाले असून, सोल्वायच्या मते, तेवढेच ठेक्यात आहे.

गेल्या मंगळवारी हात प्लास्टरमध्ये असल्याने नाचघरात माझ्याऐवजी माझे मुद्रण लावले. जोड्या उभ्या राहिल्या, उभ्याच राहिल्या. बसचालक यालमारने विचारले, "सुरू झालंय, का अजून तारा जुळवतोयस?" एका जोडीने धीर करून पाऊल टाकले, ती कॉफीच्या टेबलावर जाऊन थांबली. मी कोपऱ्यातून बूट आपटून साहाय्य करू पाहिले. परंतु मुद्रणातील ओस्मुंड व कोपऱ्यातील ओस्मुंड यांचे अखेरपर्यंत जुळले नाही. यालमार म्हणाला, "तुमचं दोघांचं मिटलं की आम्हाला बोलव."

सबब नम्र विनंती की, नाचघर पूर्ववत खुले ठेवावे. मनगट बरे होताच मी फेरमुद्रण करीन, मात्र नाच चालू असताना, नाचणाऱ्यांच्या समोर. कारण त्यांच्याविना ही चाल मला कितपत येते, याविषयी मी आता साशंक आहे. स्कीकरिता माझे गवताचे कोठार विनामोबदला देऊ करतो. हे सर्व एका हट्टी वादकाचे मनोगत समजून बाजूस ठेवले जाऊ नये, म्हणून खोऱ्यातील सर्वांत वयोवृद्ध नर्तिका तोरबियोर्ग यांचा अभिप्राय जोडला आहे. चाल संपेपर्यंत त्या जोडीदाराचा हात धरून एका जागी थांबल्या होत्या.

आपल्या निर्णयाधीन,
ओस्मुंड ल्योकेन
(फिडलवादक, तूर्त एकहाती)

सोबत : तोरबियोर्ग यांचा अभिप्राय, कोट घालता घालता दिलेला, शब्दशः :
"छान वाजवलंयस रे. पण यावर नाचता येत नाही."