बाल्कनी तेवढी आमची

३० मार्च, पाडवा
गुढी बाल्कनीत उभारली. ह्यांनी काठी धरली, अभिजीतने गाठी बांधली, आणि दोघं एकमेकांशी एक अक्षर बोलले नाहीत. "जरा तिरकी आहे," हे गुढीला म्हणाले. "सरळच आहे," अभिजीतनेही गुढीलाच सांगितलं. चार वर्षं हे असंच चाललंय. हा फ्लॅट घेताना हे म्हणाले होते, "कर्ज काढून कसली हौस!" आणि चिरंजीव म्हणाले होते, "तुमचा एक पैसा नको." झालं! तेव्हापासून बापलेक एका छताखाली राहतात आणि गुढीमार्फत बोलतात. गुढी नसली की मी.

श्रीखंडाच्या वाटीवर अभिजीतने सांगून टाकलं — उज्जैन सोडून रायपूर. कंपनी तिथे मोठी जागा देतेय, पगार बराच जास्त. एकटाच जाणार. सूनबाई तेजू आणि नात निहारिका इथेच राहतील, पोरीची शाळा आहे. दोन महिन्यांतून एकदा येईन म्हणाला. "हप्त्याचं ओझं लवकर उतरेल ना आई. काहे का टेन्शन?" एप्रिलअखेरीला उत्तर द्यायचंय.

तेजूने वाटी अर्धीच ठेवली. हे श्रीखंडाला म्हणाले, "कर्ज काढायच्या आधी विचार करायचा असतो."

मला तो जायला नकोय. एकुलता एक आहे. संध्याकाळी दारात त्याच्या चपलांचा आवाज आला नाही तर मला जेवण जाणार नाही. बस, लिहून टाकलं.

२ एप्रिल
तेजू शिकवते त्या शाळेतून येताना फ्रीगंजला बँकेच्या शाखेत जाऊन आली. घरी येऊन माझ्यासमोर बसली आणि पाणीच पीत राहिली.

आमच्या अभिजीतचा मोठा अभिमान — "चार वर्षांत हप्ता एक रुपयाने वाढला नाही!" सगळ्या नातेवाइकांना सांगून झालंय. कसा वाढेल? व्याजाचा दर वाढला तेव्हा बँकेने हप्ता तसाच ठेवला आणि वर्षं वाढवली! कर्ज घेतलं वीस वर्षांचं. आता फिटेल तेव्हा अभिजीत सत्तर वर्षांचा असेल.

"आई, हे कालचं एप्रिल फूल नाहीये हं," तेजू म्हणाली.

सत्तर! तेव्हा हे नसतील, मी नसेन, अभिजीतच्या तोंडात दात नसतील, आणि हप्ता मात्र असेल.

३ एप्रिल
आजवर हप्त्यांत बारा लाख गेले. त्यातले फिटले दोनहून कमी. बाकीचं सगळं व्याज! मी तीनदा विचारलं. तेजूने तीनदा तेच सांगितलं.

आकडे मला कळत नाहीत असं नाही, पण आकडे बघून माझं पोट दुखत नाही. फरशा बघून दुखतं. म्हणून निहारिकेला हाताशी घेतलं. शाळेत तिची शेकडेवारी चाललीये. म्हटलं, चल, घराची काढ! पोरगी गुडघ्यांवर रांगत फरशा मोजत सुटली. सुरुवातीला रोख भरले होते (त्यात तेजूच्या पाटल्या गेल्या, बिचारी कधी बोलली नाही), त्यात आलं स्वयंपाकघर, न्हाणीघर आणि मधला बोळ. आणि चार वर्षांच्या हप्त्यांत काय आलं? बाल्कनी! तीही वाळत घातलेल्या कपड्यांसकट.

हॉल आणि दोन्ही खोल्या बँकेच्या. म्हणजे आम्ही रात्री बँकेत झोपतो.

४ एप्रिल
सकाळी बोळ संपतो आणि हॉल सुरू होतो तिथे रांगोळीची सुरेख रेघ ओढली. दोन्ही टोकांना कमळ. अलीकडे आम्ही, पलीकडे बँक.

५ एप्रिल
आज ह्यांना चहा स्वयंपाकघरातच दिला. पेपर घेऊन सोफ्याकडे निघाले होते. म्हटलं, "अहो, बँकेच्या जागेत चहा सांडला तर?" हे म्हणाले, "तुला ऊन लागलंय." पण हळूच रेघेकडे बघितलं आणि खुसूखुसू हसले. मग दिवसभर तेच सुरू! टीव्ही लावायच्या आधी कोचावरच्या भेरूगढ छापाच्या चादरीला म्हणाले, "मॅनेजरसाहेब, बसू का?" अभिजीत ऐकत होता.

माझा बाण भलतीकडे लागला. मला वाटलं होतं, दोघं हसतील, मग बोलतील. ह्यांना तर लेकाला टोचायला आयती सुई मिळाली. अभिजीत ताट सरकवून म्हणाला, "ठीक आहे. रायपूरला हो म्हणून टाकतो."

मी खीर करून ठेवली होती. कोणी खाल्ली नाही. नंतर मी खाल्ली.

८ एप्रिल
दर एप्रिलात हे एक फॉर्म माझ्यापुढे ठेवतात आणि बोटाने जागा दाखवतात. "इथे सही कर." मी करते. चार वर्षं करतेय. आज पेन हातात धरून विचारलं, "कशाला?"

हे दचकलेच! देवघरातला नारळ बोलावा तसं बघितलं माझ्याकडे.

"अगं, एफडीच्या व्याजातून कर कापू नये म्हणून."

"एफडी कुणाची?"

"आपली. तुझ्या नावावर आहे, कर वाचतो म्हणून. सही कर."

"कुठे आहे?"

"फ्रीगंजला. आणखी कुठे असणार?"

वीज मंडळातून निवृत्त होताना मिळालेले ह्यांचे सगळे पैसे त्याच शाखेत! अभिजीतचं कर्जही त्याच शाखेचं! बाप तिथे पैसे ठेवतो, बँक त्याला साडेसात टक्के देते. मुलगा तिथूनच पैसे घेतो, बँक त्याच्याकडून नऊच्या वर घेते. ह्या खोलीतले पैसे रिक्षाने फ्रीगंजला जाऊन त्या खोलीत परत येतात, आणि मधल्या मध्ये बँक पोहे-जलेबी खाते!

ह्यांना म्हटलं. म्हणाले, "त्याने मागावेत." अभिजीतला म्हटलं. म्हणाला, "त्यांनी द्यावेत." पोटचा मुलगा आहे ह्यांचा, दुसऱ्या कुणाचा असता तर मला नवल वाटलं असतं.

सही केली. करायलाच हवी, नाहीतर कर कापतात.

११ एप्रिल, शुक्रवार
चैत्रगौरीचं हळदीकुंकू. गौर स्वयंपाकघरात मांडली. सगळ्या बायका स्वयंपाकघरात, बोळात आणि बाल्कनीत! हॉल मोकळा, पंखा चालू. समोरच्या दुर्गाभाभी घाम पुसत म्हणाल्या, "अरे भाभीजी, हॉल में क्यों नहीं बिठा रहीं?"

"वो बैंक का है."

आधी हशा पिकला. मग मी फरशांचा हिशोब सांगितला तशी एकेक बाई मनातल्या मनात आपल्या घरच्या फरशा मोजायला लागली. कैरीची डाळ हातात तशीच! जयू, माझी जुनी मैत्रीण, बोटं मोजत म्हणाली, "अगं वासंती, माझ्या लेकाचं तर फक्त न्हाणीघरच झालं असेल गं!" दुर्गाभाभी म्हणाल्या, "हमारा तो सिंहस्थ में वसूल हो जाएगा." उज्जैनात कर्ज कुणी फेडत नाही, सिंहस्थ फेडतो. यात्रेकरूंना खोल्या भाड्याने देऊन, एका महिन्यात!

पन्हं कमी पडलं इतक्या बायका हसल्या. आणि नेमका अभिजीत लवकर घरी आला. दारात उभा राहिला. रिकामा हॉल, बाल्कनीत दाटीवाटीने हसणाऱ्या बायका. एका बाईने त्याच्याचसमोर विचारलं, "बेटा, पैर रख लें क्या हॉल में?"

तो हसला. मग रेघ ओलांडून आत गेला आणि दार लावून घेतलं.

१२ एप्रिल
सकाळी तो स्वयंपाकघरात आला. रागावला असता तर बरं झालं असतं.

"आई, बाबा रिटायर झाले, क्वार्टर खाली करायला महिना होता. तुम्हाला दोघांना मी कुठे नेणार होतो? भाड्याच्या दोन खोल्यांत? बाबा म्हणाले, हौस. हौस नव्हती गं."

मला माहीत नव्हतं असं नाही, पण त्याच्या तोंडून कधी ऐकलं नव्हतं.

तो गेल्यावर ओल्या फडक्याने रेघ पुसली. कमळंसुद्धा. खूप वाईट वाटलं. चेष्टा करायला मला फार आवडतं, पण ही माझ्याच लेकराच्या डोक्यावर फुटली.

१४ एप्रिल
"रेघ कुठे गेली?" ह्यांनी विचारलं.
"पुसली."
"करमत नाही गं तिच्याशिवाय."

१७ एप्रिल
ह्यांना सरळ विचारलं, का देत नाही त्याला? वरण-भात कालवत म्हणाले, "उद्या मी पडलो, दवाखाना लागला, तर कुणापुढे हात पसरू? हातात पैसा असला म्हणजे मुलगा नमस्कार करतो."

"चार वर्षांत केलाय का नमस्कार?"

ह्यांनी ताक मागितलं. मी दिलं, वर कोथिंबीर घालून. मला वाटायचं हे हट्टी आहेत. हे घाबरलेत. इतकी वर्षं संसार करून मला हे आज कळलं!

२२ एप्रिल
अभिजीतने माळ्यावरची मोठी बॅग काढली. झटकली. तेजू दुसऱ्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालतेय, त्याच त्याच, पुन्हा पुन्हा. निहारिकेने विचारलं, "बाबा, तू सत्तर वर्षांचा झालास की परत येणार का?" त्याने तिला जवळ घेतलं. हे पेपरामागे होते. पेपर उलटा नव्हता, पण पानही उलटत नव्हतं.

तीसला अक्षयतृतीया. त्याच दिवशी तो कंपनीला होकार कळवणार. मुहूर्त बघून घर सोडायचं! ह्यांचाच मुलगा.

२५ एप्रिल
एक युक्ती सुचलीये. तेजूला सांगितली. ती इतकी घाबरली की तिने लगेच हो म्हटलं.

२९ एप्रिल
टॉवर चौकात शेव घ्यायला जाते म्हणून तेजूबरोबर निघाले, आणि आधी फ्रीगंजच्या शाखेत गेले. काउंटरवरच्या मुलीने विचारलं, "आंटी, अंकल से पूछ लिया?" मी म्हटलं, "बेटा, अंकल ने रखते वक्त मुझसे पूछा था क्या?" ती हसायला लागली. पैसे उद्या वळते होतील, एफडी मुदतीआधी मोडली म्हणून थोडा दंड कापतात म्हणाली. म्हटलं, काप बाई. कुणाचा मुलगा रायपूरला जाण्यापेक्षा स्वस्त आहे.

पुढचं लिहीत नाही आणि वही आज उशाखाली ठेवते. ती एरवी कुठे असते ते ह्यांना माहीत आहे, आणि ह्यांना अजून एक दिवस सुखाची झोप मिळायला हवी. एवढंच लिहिते — बऱ्याच सह्या केल्या. ह्या वेळी वाचून केल्या.

शेव आणायची विसरले! ह्यांनी विचारलं. म्हटलं, ताजी नव्हती.

३० एप्रिल, अक्षयतृतीया
आमरस वाढत होते आणि दोन्ही मोबाइल एकदम वाजले.

ह्यांनी चष्मा लावला. तोंड उघडंच राहिलं. "अगं, एफडी कुठे गेली?"

"हॉलमध्ये आहे. चौथा हिस्सा ठेवलाय दुखण्याखुपण्याला."

तोवर अभिजीतने कर्जखात्यात पैसे भरल्याचा आपला मेसेज वाचला, पुन्हा वाचला, आणि चार वर्षांत पहिल्यांदा सरळ ह्यांच्याकडे बघून म्हणाला, "बाबा... तुम्ही भरलेत?"

तेजूने ताटात मान घातली. हे माझ्याकडे बघत राहिले. मी ह्यांच्याकडे. मग हे छाती पुढे काढून म्हणाले, "मग! बाप आहे तुझा!"

अभिजीत खरकट्या हातानेच वाकला. रायपूरचा विषय कुणी काढलाच नाही.

मी ह्यांच्या वाटीत आणखी एक पळी रस घातला. वाढताना कानात म्हटलं — उद्यापासून चहा हॉलमध्ये प्या, पण मला विचारून.