किल्ली मीच फिरवली

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर, धंदा सिनेमासाठी आगी लावणे व स्फोट घडवणे, आता निवृत्त, हे मृत्युपत्र स्वखुशीने व कोणाच्याही दडपणाशिवाय करत आहे. माझी बुद्धी शाबूत आहे. डॉक्टरांनी आजच तपासून तसे लिहून दिले, कारण आत्याला चळ लागलाय असे माझा भाचा सांगत सुटला आहे. यापूर्वीचे मृत्युपत्र रद्द समजावे.

१. हत्यारे: पकडी, मीटर, तारांची वेटोळी आणि स्फोटाची पेटी किल्लीसकट माझ्या हाताखाली शिकलेल्या बाईंना. अट एकच. दिग्दर्शक ओरडो की निर्माता पाया पडो, स्टंटवाल्याने हात वर केल्याशिवाय किल्ली फिरवायची नाही. हा नियम मीच घातला आणि मीच त्यात चुकले. ते कलम तीनमध्ये येईल.

२. बँकेत जे असेल ते भाच्याला. पोरगा वाईट नाही, नंदीबैल आहे. आणि प्रत्येक स्फोटाला ‘अजून मोठा हवा’ म्हणणाऱ्या दिग्दर्शकसाहेबांना माझा डावा कान. त्यांच्यामुळेच तो बहिरा झाला, आणि ते बोलायला लागले की मी तोच पुढे करायचे.

३. आता मुद्द्याचे. गोदामाच्या स्फोटाच्या दिवशी दारात जो स्टंटवाला उभा होता त्याला सगळे रबर म्हणतात. ढग येत होते, उजेड चालला होता, मला घाई झाली होती. त्याचा हात वर जाताना दिसला आणि मी किल्ली फिरवली. तो चष्म्यावरचा घाम पुसत होता. पाठ, मान आणि उजवा हात भाजला.

सिनेमा कंपनीने कागद आणला: रबरने सूचना मोडली, खाली सही करा. मी म्हटले, “हात त्याचा, डोळे माझे. चूक डोळ्यांची आहे.” सही केली नाही. त्यानंतर मला कोणी साधा धूर करायलाही बोलावले नाही. त्याचे वाईट वाटले, पश्चात्ताप एक दिवसही झाला नाही.

आता त्याच कंपनीला मला जीवनगौरव द्यायचा आहे. स्मरणिकेत तो स्फोट मिरवायचा आहे, पण डाग नको आहे. म्हणून तोच कागद नव्याने टाईप करून भाच्याच्या हाती पाठवला.

“आत्या, इतक्या वर्षांनी कोणाला काय फरक पडतोय?”

“ज्याची पाठ भाजली त्याला.”

“अगं, एक सही तर करायची.”

त्याला चहा दिला आणि कागदासकट वाटेला लावला. तरी माझ्यामागे माझ्या वतीने कोणीही तशी सही करू नये व तो गौरव स्वीकारू नये. भाच्याने केल्यास कलम दोनमधला त्याचा वाटा रद्द.

४. घर: हे रबरला द्यायचे होते. तो अजून भाड्याच्या खोलीत राहतो. पण आज सकाळी वकीलबाई म्हणाल्या, साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही घेता येत नाही. एक साक्षीदार डॉक्टर, दुसरा ठरला नव्हता. रबर समोरच बसून कलम तीन वाचत होता. वाचून म्हणाला, दुसरी सही मी करतो.

मी म्हटले, “तू घर घे. साक्षीला शेजारीण येईल.”

“शेजारीण काय सांगणार? ती होती का तिथं?”

“अरे, घर जाईल तुझं.”

“जाऊ दे. कंपनी तुझ्याकडं दोनदा आली, माझ्याकडं एकदाही नाही. वकीलबाई, सही कुठं करू ते सांगा.”

मी खूप भांडले. ऐकला नाही. तेव्हा घर स्टंटवाल्यांच्या संघटनेला, जखमींना बरे होईपर्यंत राहण्यासाठी.

ठिकाण: राहते घर, स्वयंपाकघरातले टेबल.
दिनांक: ९ फेब्रुवारी २०२४, शुक्रवार.
सही: मृत्युपत्र करणारी.

आम्हा दोघांच्या समोर बाईंनी शुद्धीवर व समजून सही केली.
साक्षीदार १: डॉक्टर.
साक्षीदार २: रबर. सही डाव्या हाताची आहे. कोणाला शंका आल्यास त्याला विचारावे.