झेरॉक्समध्ये न मावलेली ओळ

हो, नाही दिला मी तो अर्ज! सात महिने माझ्या बॅगेत पडलाय. तुला वाटतंय केस केव्हाच संपली, तर नाही संपली, आणि ओरडायचं तर या कागदावर ओरड, कारण मी समोर नसेन. तर, प्रिय ताई, आधी बस. औषधाच्या दुकानात कामाला नेतेस ती पिशवी खांद्यावरून काढ. पाणी पी. प्यायलीस? आपण जिंकलो!

तुझ्या नेमणुकीची काढून घेतलेली मान्यता कोर्टानं परत दिली. आज, सव्वाअकराला. सोमवारपासून तू शाळेत, तेच आठवीचं विज्ञान, तीच डुगडुगणारी खुर्ची. आपल्या वकीलबाई हसायलाही पुढची तारीख घेतात, पण त्यांनी आज माझ्या पाठीत असा धपाटा घातला की अजून हुळहुळतंय.

तू सही करून अर्ज दिलास, म्हणालीस, केस मागे घेतेय, एवढा नेऊन दे गं, घाई (हे नावही तूच पाडलेलं), एक काम तरी नीट कर. निघालेच होते. पण त्याच सकाळी बाजारात तुझी एक जुनी विद्यार्थिनी "बाई! बाई!" करत आली आणि तू चक्क बटाट्यांच्या पोत्यांमागे लपलीस. नुसती भुवई उचलली तर अख्खा वर्ग गप्प बसवणारी माझी ताई, बटाट्यांमागे! घरी येऊन म्हणालीस, पात्रता नसताना शिकवलं मी, फसवलं त्या पोरींना. तुझी नोकरी गेली ते मी गिळलं होतं. हे काही घशाखाली उतरेना.

कारण शिक्षण खात्याच्या ऑफिसचं म्हणणं तरी काय होतं? तू लागलीस जूनमध्ये आणि बीएडच्या प्रमाणपत्रावर तारीख सप्टेंबरची, म्हणजे लागताना बाई पात्रच नव्हत्या. सहा वर्षं शिकवल्यावर साहेबांना जाग आली! तुझं गुणपत्रक शाळेनं ठेवून घेतलं आणि हरवलं, कॉलेजात म्हणाले, जुनी रजिस्टरं वाळवीनं खाल्ली. निकाल आधी लागल्याचं तुला चांगलं आठवत होतं. पण साहेबांनी शिक्का मारून लिहिलंय म्हटल्यावर तू स्वतःच्या आठवणीलाच खोटं ठरवलंस.

म्हणून मी कपाटामागची फ्रेम काढली. मान्यता गेली त्या दिवशी तू भिंतीवरून उतरवून, तोंड आत करून ठेवलेली. धूळ पुसली, आणि ताई, वरून तिसरी ओळ! निकाल जाहीर, नऊ जून. तू लागलीस वीस जूनला! सप्टेंबर ही नुसती छापल्याची तारीख. सहा वर्षं ते भिंतीवर होतं, पण भिंतीवरचं कोण वाचतं, आपण फक्त फडकं मारायचो. आणि ऑफिसच्या फाईलमधल्या प्रतीत ती ओळच नाही. प्रमाणपत्र लांबलचक, झेरॉक्सची काच आखूड. खालच्या सह्या, शिक्का, तारीख सगळं मावलं, डोकं बाहेर राहिलं. मग त्या प्रतीची प्रत, तिची आणखी प्रत.

फ्रेम उघडेना. चादरीत गुंडाळून, दोरीसकट कोर्टात नेली. बसमध्ये एका आजोबांनी हळहळत विचारलं, कुणाचा गं फोटो, बाळ? म्हटलं, जिवंत आहे हो, विज्ञान शिकवते. न्यायाधीशबाईंनी चष्मा कपाळावर नेला, काचेवर बोट ठेवून ती ओळ मोठ्यानं वाचली आणि ऑफिसच्या वकिलांना विचारलं, तुम्ही मूळ कागद कधी मागितला होता का? ते फाईल चाळायला लागले. अजून चाळत असतील.

आता ते, ज्याच्यासाठी हे लिहायला बसले. तोंडावर सांगायची माझी छाती नाही. ती झेरॉक्स मी काढून आणली होती. नववीत होते. तू बजावलंस, नीट बघून आण. चौकात मैत्रिणी ताटकळत होत्या. दुकानदार म्हणाला, वरचं येत नाहीये, दोन भागांत काढू का? मी म्हटलं, चालेल हो, सही दिसतेय ना! चालेल हो. तुझं दीड वर्ष माझ्या या दोन शब्दांनी खाल्लं, ताई. फ्रेम पुसताना ते दुकान जसंच्या तसं डोळ्यांपुढे आलं आणि तो अर्ज तसाच बॅगेत राहिला.

अर्ज सोबत ठेवलाय. आधी तो फाड, मग मला. फ्रेम पुन्हा भिंतीवर लावलीय, तिरकी झालीय, हसू नकोस, तिसरी ओळ वाच. आदेशाची शिक्क्याची प्रत हेडसरांना नेऊन द्यायचीय, ते तीनला निघतात. या वेळी प्रत डोक्यापासून पायापर्यंत तपासून घेतलीय, दोनदा. फाटक वाजलं. तुझ्याच चपला. मी मागच्या दारानं सटकले!

तुझीच,
घाई