बल्गेरियाच्या गोलाचा रिपोर्ट

बाबा, बल्गेरियाने शेवटी वर्ल्ड कपमधला सामना जिंकला. तुम्ही गेल्यानंतर दोन वर्षांनी, चौऱ्याण्णवला. ग्रीसला चार गोलांनी हरवलं, मग अर्जेंटिनाला. ज्या मेक्सिकोने आपल्याला घरी पाठवलं होतं, त्यांना पेनल्टीवर काढलं, आणि जर्मनीला धूळ चारून थेट सेमीफायनल गाठली. थोडी कळ काढली असतीत तर बघायला मिळालं असतं. मी एकेक सामना पाहिला, पूर्ण जागी राहून. पूर्ण जागी राहून असं का लिहिते आहे, ते सांगायलाच हे पत्र आहे.

जयपूरच्या रेल्वे कॉलनीत बल्गेरियाचा कैवार घेणारे तुम्ही एकटेच असाल. अजनीहून बदली होऊन आलेला टीएक्सआर, म्हणजे गाड्या तपासून 'फिट' लिहिणारा, दिवसभर हातोडीने गाडीचं एकेक चाक ठोकून आवाज ऐकणार आणि घरी आल्यावर रेडिओला कान लावून सोफिया केंद्र शोधणार. ब्याऐंशी साली सोफियाच्या लष्करी क्लबाने युरोपच्या चॅम्पियन इंग्लिश क्लबाला स्पर्धेतून बाहेर काढलं, ती बातमी तुम्ही त्या खरखरीत ऐकलीत आणि तिथेच तुमचं मन बसलं. तुम्ही केंद्राला पत्र पाठवलंत, तिकडून तिकोनी कापडी झेंडा आला, तो आरशाच्या वर लागला. आई म्हणायची, देवाला तरी कुणी इतकं मानतं का. मी विचारलं, आतापर्यंत वर्ल्ड कपात एकही सामना न जिंकलेली टीम आपली का, तर तुम्ही चहा बशीत ओतत म्हणालात, "पास नाही होत बेटा, पण दरवेळी परीक्षेला तर बसतात ना." माझं गणित तेव्हा कच्चं होतं, म्हणून मला ते फार पटलं.

पंच्याऐंशीत त्यांच्या कपाच्या फायनलला सोफियाचे दोन मोठे क्लब एकमेकांना भिडले आणि मैदानातच मारामारी झाली. सरकारने दोन्ही क्लबांची नावं बदलली, कित्येकांना शिक्षा झाल्या, गोलकीपरला तर आजन्म बंदी. तुम्हाला ते मुळीच आवडलं नाही. "डब्याला नवा रंग दिल्यानं चाक सुधरत नाही," एवढंच म्हणालात आणि दोन दिवस रेडिओ लावला नाहीत.

त्याच उन्हाळ्यात मी तुमचा जेवणाचा डबा घेऊन यार्डात आले होते. तुमच्याच वयाच्या एका सहकाऱ्याने गाडी न तपासता कागदावर 'फिट' लिहिलं होतं. तुम्ही आवाजसुद्धा चढवला नाहीत. "डिब्बे के नीचे झुके थे? नहीं झुके, तो फिट कैसे लिख दिया?" तो हसून म्हणाला, "अरे भैया, रोज की गाड़ी है." तुम्ही हातोडी घेऊन पुन्हा पहिल्या चाकापासून सुरुवात केलीत. जेवण तसंच राहिलं. परतताना तुम्ही मला सांगितलंत की आपली सही म्हणजे आपणच तिथे वाकलो होतो असं म्हणणं आहे. मी तेव्हा तेरा वर्षांची होते, भूक लागली होती, आणि तरी ते वाक्य डोक्यात राहिलं.

म्हणूनच तर तुम्ही मला एक वही दिलीत. तुमच्या रजिस्टरसारखे रकाने स्वतः आखून: सामना, काय पाहिलं, शेरा, सही. "पाहिलं ते लिही. वाटलं ते नको." मी लिहायचं, तुम्ही वाचून खाली सही करायची.

शहाऐंशीचा वर्ल्ड कप सुरू झाला तो बल्गेरिया आणि इटलीच्या सामन्याने, आणि नेमकी तुमची रात्रपाळी. "पाहून लिहून ठेव, मी सकाळी वाचतो." मी शेजारच्या गार्डसाहेबांकडे टीव्हीसमोर बसले. इटलीचा गोल पाहिला. मध्यंतर पाहिलं. त्यानंतर मला आठवते ती थेट गार्डसाहेबांची बायको, माझा खांदा हलवत, "उठो बिटिया, एक-एक हो गया, घर जाओ." बल्गेरियाने बरोबरी केली होती आणि मी बगरूच्या छापील चादरीवर झोपले होते.

पान कोरं ठेवायची लाज वाटली. मी गोल लिहिला. लांबून, डाव्या पायाने, कोपऱ्यात, गोलकीपर जागच्या जागी. फार सुंदर लिहिला, खोटं लिहिताना माझा हात नेहमीपेक्षा मोकळा चालला. सकाळी तुम्ही तो चहा थंड होईपर्यंत दोनदा वाचलात, खाली सही ठोकलीत, आणि यार्डात जाऊन सगळ्यांना डाव्या पायाचा गोल करून दाखवलात. तेही माझ्या कानावर आलं.

दोन दिवसांनी तुमच्या खाटेवर पेपर होता, घडी घालून, खेळाचं पान वर. गोल डोक्याने झाला होता. तुम्ही बूट काढत विचारलंत, "तुनं पाहिला ना तो गोल?" मी म्हणाले, "हो." तुम्ही दुसरा बूट काढलात.

पुढच्या सामन्यापासून तुम्ही पाळ्या बदलून घेतल्यात. कोरिया, अर्जेंटिना, मेक्सिको, तिन्ही सामने माझ्या शेजारी बसून पाहिलेत. मला वाटलं, तुम्हाला माझ्यासोबत बघायची हौस आली. वही आता तुम्ही भरायला लागलात आणि पेन माझ्याकडे सरकवून म्हणायचात, "पाहिलं असन तरच सही कर." मी तपासणीत नापास होऊन गाडीतून काढलेला डबा होते, हे मला कळायला फार वर्षं लागली. इतक्या मायेने कुणाला कामावरून काढत असतील असं वाटलंच नव्हतं.

अर्जेंटिनाच्या सामन्यात तुम्ही पडद्याकडे बोट दाखवलंत. "पाहून राहिली ना? तोच तो गोलकीपर. आजन्म बंदीवाला." मी विचारलं, मग माफ कसं केलं? "कबूल केलं असन त्यानं," तुम्ही म्हणालात, आणि पडद्याकडे न बघता माझ्याकडे बघत थांबलात. मी पाणी आणायला उठले. स्वयंपाकघरात माठाशी उगाच उभी राहिले. परत आले तेव्हा आणखी एक गोल झाला होता आणि तुम्ही तो लिहीत होतात.

आता मी जयपूरच्याच झालान्यातल्या एका प्रयोगशाळेत पाण्याचे नमुने तपासते. निवृत्तीला थोडीच वर्षं उरली आहेत. माझी सही असली की वरचे लोक कागद पुन्हा वाचत नाहीत. हाताखालची मंडळी पाठीमागे चेष्टा करतात की मॅडम विहिरीत स्वतः उतरून येतील. येईनही. हे मी कुणाकडून शिकले ते सगळ्यांना सांगते, कसं शिकले ते कुणालाच सांगितलेलं नाही. चौऱ्याण्णवला तोच गोलकीपर कप्तान होता. त्या वर्षीचा प्रत्येक सामना मी त्याच वहीत लिहिला आणि तुमच्या सहीचा रकाना मोकळा सोडला.

वही तिलक नगरच्या घरात माझ्या टेबलाच्या खणात आहे. इटलीचं पान मी कधी फाडलं नाही. तुम्ही आयुष्यभर न बघता एकदाही सही केली नाहीत, फक्त त्या पानावर केलीत, कारण मी लिहिलं होतं. ती सही अजून तशीच ठसठशीत आहे. हे पत्र तिथेच घालून ठेवते, दुसरीकडे कुठे पाठवणार. त्या पानावरचा शेऱ्याचा रकाना इतकी वर्षं रिकामा होता, तो आज भरला.

बाबा, मी डब्याखाली वाकले नव्हते.